सस्पेन्स खात्यातले पस्तीस तास

अंडं मी लहानपणापासून खात आलो आहे, पण अंड्यावर विचार करण्याची पाळी माझ्यावर कधी आली नव्हती. खायची वस्तू खावी, विचार करायला बँकेचे मॅनेजर आहेत, असं माझं साधं धोरण. परंतु गेल्या वर्षी दिवाळीत आमच्या घरी हप्त्यांवर मायक्रोवेव्ह आला आणि माझ्या या निर्धास्त जीवनात तत्त्वज्ञान शिरलं.

आधी आमच्या घरातलं अंड्याचं स्थान सांगायला हवं. आई माळकरी. तिच्या चुलीवर अंड्याला मज्जाव. पुढे चूल जाऊन गॅस आला तरी कायदा तोच. लहानपणी माझी प्रकृती पाहून डॉक्टरांनी अंडी सांगितली, तेव्हा आईने तोडगा काढला. अंडं घरात येणार नाही, पण मुलगा छपरीत बसून खाऊ शकेल. छपरी म्हणजे पुण्यामुंबईकडचे लोक जिला ओसरी म्हणतात ती. तिथे एक वातीचा स्टोव्ह, एक जर्मनचं पातेलं आणि मी, असं आमचं तिघांचं बहिष्कृत मंडळ वर्षानुवर्षं नांदलं. रॉकेल मिळेनासं झालं तेव्हा स्टोव्हच्या जागी छोटा सिलिंडर आला. मी मोठा झालो, बी.कॉम. झालो, गोंदियात बँकेत लागलो, लग्न झालं, दोन मुलं झाली. पण अंडं काही छपरीतून आत आलं नाही.

मायक्रोवेव्ह आला तेव्हा प्रश्न पडला, याला ठेवायचं कुठे? आईने त्या पेटीभोवती एक चक्कर मारली, दार उघडून आत हात घालून पाहिला आणि विचारलं, "जाळ कुठी हाय याच्यात?" मी म्हटलं, जाळ नाहीच. "मंग हे चूल नोहे," असा निकाल तिने दिला. पेटी बैठकीत टीव्हीशेजारी बसली. पाहुण्यांना वाटतं, यांच्याकडे दोन टीव्ही आहेत आणि एक बिघडलेला आहे.

पहिल्याच सकाळी मी उत्साहाने एक अख्खं अंडं कवचासकट आत ठेवलं आणि बटण दाबलं. पुढचं वर्णन मी करत नाही. आवाज ऐकून आई छपरीतून ओरडली, "फटाका कोनं फोडला रे?" दोन दिवस बातम्यांना अंड्याचा वास येत होता.

मग मी चौकशी केली. या पेटीतल्या लहरी अंड्यातल्या पाण्यालाच तापवतात. वाफ तयार होते, तिला बाहेर पडायला वाट नसते, आणि मग ती स्वतःच वाट करून घेते. कवच काढलं तरी भागत नाही, कारण बलकालाही एक पातळ पडदा असतो. त्यालासुद्धा काट्याने टोचावं लागतं. एवढंच काय, आधी उकडलेलं अंडं गरम करायला ठेवलं तरी ते फुटतं, आणि कधी कधी तर बाहेर काढल्यावर, आपण तोंडाजवळ नेल्यावर फुटतं. माझं समाधान एकाच गोष्टीने झालं. हे यंत्र ज्या पर्सी स्पेन्सर नावाच्या अमेरिकन माणसाला सुचलं, त्याच्यासमोरही अंडं असंच फुटलं होतं म्हणतात. १९४५ साली तो रडारच्या मॅग्नेट्रॉन नळीजवळ उभा होता, तर खिशातलं चॉकलेट विरघळलं. आपण खिसा धुतला असता. त्याने मक्याचे दाणे आणले, मग अंडं आणलं, आणि ते वाकून बघणाऱ्या सहकाऱ्याच्या तोंडावर उडालं, अशी कथा आहे. १९४७ मध्ये पहिली भट्टी बाजारात आली, ती पुरुषभर उंच आणि तीनशे किलोंहून जड. ती आमच्या बैठकीत आली असती तर आम्हीच छपरीत राहायला गेलो असतो.

शेवटी मला पद्धत जमली. कपाला आतून थेंबभर तेल लावायचं. कप साधा हवा. काठाला सोनेरी पट्टी असलेला, लग्नात आलेला, अजिबात नको, त्यातून ठिणग्या उडतात. (हेही मला अनुभवानेच कळलं. त्या सेटमध्ये आता पाच कप आहेत.) अंडं फोडायचं, चमचाभर दूध, मीठ, हिरवी मिरची घालून फेटायचं. तीस सेकंद ठेवायचं, काढून ढवळायचं, पुन्हा वीस-पंचवीस सेकंद. थोडं ओलसर असतानाच काढायचं, कारण बाहेर आल्यावरही ते आतल्या आत शिजत राहतं. दहा सेकंद जास्त झाले तर असा रबरी गोळा तयार होतो की त्यावर 'रोख अदा' कोरून काउंटरवर वापरता यावा. अंड्याचा पांढरा भाग साधारण ६२ अंशांना घट्ट व्हायला लागतो. आमच्या गोंदियात मे महिन्यात पारा ४५ च्या आसपास असतोच. म्हणजे निसर्ग बरंचसं काम करून ठेवतो. यंत्राने फक्त वरचे सतरा अंश घालायचे.

असा मी मिनिटात अंडं खायला लागलो आणि माझ्यातला वाणिज्य शाखेचा पदवीधर जागा झाला. पूर्वी पाणी उकळण्यापासून सोलण्यापर्यंत पंधरा मिनिटं जात. आता एक. म्हणजे दर अंड्यामागे चौदा मिनिटं निव्वळ नफा. आता वर्षाची अंडी मोजू. सोमवार शंकराचा, गुरुवार दत्ताचा, शनिवार मारुतीचा. शिवाय एकादश्या, चतुर्थ्या, श्रावण आणि नवरात्र. इतक्या देवांच्या तावडीतून सुटून वर्षाकाठी दीडशे दिवस अंड्याच्या वाट्याला येतात. दीडशे गुणिले चौदा, दोन हजार शंभर मिनिटं. पस्तीस तास! बँकेच्या सात तासांच्या हिशेबाने पाच दिवस. साहेबांपुढे हात न पसरता मिळालेल्या पाच कॅज्युअल लीव्ह!

आता बँकेत असं असतं की रक्कम एका खात्यातून निघाली तर ती दुसऱ्या कुठल्या तरी खात्यात दिसलीच पाहिजे. जमा कुठे झाली ते सापडत नसेल, तर तात्पुरती सस्पेन्स खात्यात टाकतात आणि जुळेपर्यंत कारकुनाला झोप नसते. मी माझे पस्तीस तास शोधायला बसलो. वाचनात नव्हते, दोन वर्षांपूर्वी आणलेल्या कादंबरीतली खूण पान सव्वीसवरच होती. व्यायामात नव्हते, हे माझ्याकडे बघून कोणीही सांगेल. मुलांच्या अभ्यासात नव्हते. मोबाइलमध्ये काही मिनिटं सापडली, पण त्या खात्यात आधीच इतकी उचल होती की ही चौदा मिनिटं त्यातलीच, असं शपथेवर सांगता येईना.

केन्स या जगप्रसिद्ध अर्थशास्त्रज्ञाने १९३० साली एक निबंध लिहिला होता. शंभर वर्षांत यंत्रं इतकी सुधारतील की माणसाला आठवड्याला पंधरा तास काम पुरेल आणि उरलेल्या वेळेचं करायचं काय, हाच खरा प्रश्न होईल, असं त्याचं भाकीत. मुदत २०३० ला संपते. आमच्या शाखेत अजून परिपत्रक आलेलं नाही. खातेवह्या गेल्या, संगणक आले, २०१६ पासून यूपीआय आलं, काउंटरवरची रांग आटली. पण कोणी कारकून साडेतीनला शीळ घालत घरी गेलेला मी पाहिलेला नाही.

तर पस्तीस तास. ते सापडले, पण मायक्रोवेव्हपाशी नाही. छपरीत सापडले.

मी अंडं उकडत असताना आई दाराच्या आतल्या बाजूला उंबरठ्याशी जपमाळ घेऊन बसायची. ती बाहेर येत नसे, मी पातेलं आत नेत नसे, मध्ये उंबरठा. पाणी उकळेपर्यंत ती काहीबाही बोलायची. तिचं माहेर अर्जुनीकडचं. लहान वयातच ती बिड्या वळायची. तेंदूची पानं ओली करून कापायची, तंबाखू भरून वळायचं, दोरा बांधायचा. मजुरी हजार बिड्यांवर, आणि तपासणाऱ्याने बाद केलेल्या बिड्यांचे पैसे नाहीत. हे तिने कधी 'ये, बस, सांगते' म्हणून सांगितलं नाही. ते पाण्याबरोबर उकळून वर यायचं. आणि मी अंड्यावर चमचा मारला की ती उठायची, कारण सोलल्यावरचा वास तिला सोसत नसे. त्यामुळे तिच्या साऱ्या गोष्टी पंधरा पंधरा मिनिटांच्या. एका अंड्याला एक हप्ता.

मायक्रोवेव्ह आला त्याच्या आदल्या दिवशीचा हप्ता मला पक्का आठवतो. "बिडीचे पैसे तांदळाच्या डब्यात लपवून ठेवत होती मी. पंधरा-सोळा वर्साची असन. एक दिवस घरी कोनाले न सांगता ठेसनावर गेली अन् गोंदियाच्या छोट्या गाडीत बसली." अंडं झालं. मी चमचा मारला. आई उठली.

तेव्हापासून माझी आई त्या छोट्या गाडीत बसून आहे. ती अरुंद रुळांची लाइन जाऊन तिथे मोठी लाइन येऊनही आता कित्येक वर्षं झाली, पण आईची गाडी हलत नाही. कुठे निघाली होती ती? कोण होतं गोंदियात? परत कोणी आणलं? जिने कधी एकटीने नागपूर पाहिलं नाही असं मी समजत होतो, त्या बाईने पंधराव्या वर्षी हे केलं, आणि मला ते चाळिशी उलटल्यावर एका अंड्यापुरतं कळलं. मी एकदा खुर्ची ओढून समोर बसलो आणि विचारलं, "आई, त्या गाडीचं पुढे काय झालं?" समोर बसून विचारल्यावर कोण सांगतं? कर्जाच्या मुलाखतीला बोलावल्यासारखा चेहरा करून ती म्हणाली, "काई नाई रे, असंच."

बेवारस ठेवींचं बरं असतं. दहा वर्षं कोणी फिरकलं नाही तर रक्कम रिझर्व्ह बँकेच्या निधीत जाते, २०१४ पासून तशी योजनाच आहे. पण वारस कागदपत्रं घेऊन उगवला की पैसे परत मिळतात. आई पंच्याहत्तरीला आली आहे. हे मी कुठल्या फॉर्मवर लिहून मागायचं?

माझा हा शोध मी मोठ्या गहिवराने बायकोला ऐकवला. सावकाशीत केवढं धन असतं, यंत्राने माणसं कशी तोडली, वगैरे. ती तीन डबे भरत होती. तिला शाळेची सव्वानऊची बस असते. ती म्हणाली, "अहो, तुम्ही छपरीत बसून पाण्याकडे बघत होता ना, तेव्हा आत पोळ्या कोण लाटत होतं? मला त्या पेटीने भाजी दोन मिनिटांत गरम मिळते. हळू शिजण्यातली मजा बसून बघणाऱ्याला कळते."

मी गप्प बसलो. जमाखर्च तपासायला घेतलेल्या कारकुनाला स्वतःचीच अफरातफर सापडावी, तसं झालं. ती पंधरा मिनिटं माझी कधी नव्हतीच. ती बायकोच्या खात्यातून परस्पर उचललेली होती, आणि आईच्या गोष्टी मी त्या उचलीवर ऐकत होतो. पेटी परत करा असं म्हणायचा मला अधिकार नव्हता. आणि गाडी तर पुढे न्यायची होती.

दोन्ही बाजू जुळवायची एकच नोंद मला सुचली, ती म्हणजे झोपेच्या नावे टाकणे. मी गजर वीस मिनिटं अलीकडे आणला. कारकुनाच्या दृष्टीने हा त्याग हिमालयात जाण्याच्या तोडीचा आहे, वाचकांनी हे लक्षात घ्यावं. पहिल्या दिवशी मुलांचे डबे मी भरले. (त्यांनी ते अर्धे परत आणले, तो विषय वेगळा.) मग माळ्यावरून जर्मनचं पातेलं काढलं, घासलं आणि छपरीत जाऊन छोट्या सिलिंडरवर पाणी ठेवलं.

थोड्या वेळाने आत जपमाळेचा आवाज आला. आई उंबरठ्याशी बसली होती. पातेल्याकडे बघून म्हणाली, "काऊन रे, पेटी बिघडली का?"

माळकरी आईशी सकाळी सकाळी खोटं बोलावं की नाही, हा प्रश्न माझ्यापुढे क्षणभरच उभा राहिला. मी म्हटलं, "हो."

"दुरुस्तीले किती दिवस लागन?"

"सांगता येत नाही. सामान नागपूरहून यायचं आहे."

तिने दोन मणी ओढले. मग पातेल्यात डोकावल्यासारखी मान उंच करून म्हणाली, "मंग पानी जरा जास्तच टाक."