निकाल लागेपर्यंतचा ताबा

करोल बागेत चार मराठी नोकरदार एकत्र जमले की बोलणे बदल्या, बढत्या आणि महागाई यांवरून फिरत फिरत अखेर गावाकडच्या घराशी येऊन थांबते. परवाही तसेच झाले. आमच्या एका स्नेह्यांचा सातारा जिल्ह्यातील जमिनीबद्दल चुलतभावाशी दावा चालू आहे. निकाल लागेपर्यंत ‘जैसे थे’ असा कोर्टाचा हुकूम असून ताबा भावाकडे आहे. “सातबारा माझ्या नावाचा आणि पीक त्याच्या घरात! दिवाळीच्या रजेत जातो आणि सरळ नांगर घालतो,” ते उद्वेगाने म्हणाले. कोणी हसले नाही. प्रत्येकाला आपापले बंद घर आठवत असावे.

जो मालक ठरलेला नाही त्याचा ताबा कायद्याने का राखावा, हा त्यांचा प्रश्न रास्तच आहे. पण कायदा याबाबतीत मोठा कठोर आहे. कोर्टाचा असा मनाईहुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते आणि त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगही भोगावा लागतो. दावा चालू नसतानाही, एखाद्याला कायद्याचा मार्ग सोडून जागेतून हुसकले, तर १९६३ च्या स्पेसिफिक रिलीफ अॅक्टाच्या ६ व्या कलमाखाली सहा महिन्यांच्या आत दावा लावून तो ताबा परत मिळवू शकतो. मग हुसकणारा खरा मालक का असेना! आपल्याकडील १९०६ च्या मामलेदार कोर्टांच्या कायद्याचे तत्त्वही हेच आहे. ताबेदार खरा, असे कायदा येथे म्हणत नाही. काठी हाती घेऊन कोणी आपल्याच वादाचा न्यायाधीश होऊ नये, एवढेच त्याचे म्हणणे.

ते किती शहाणपणाचे आहे, हे आम्ही बसलो होतो त्या वस्तीलाच विचारावे. १९४७ साली येथील अनेक मुसलमान कुटुंबे घरेदारे सोडून गेली आणि पश्चिम पंजाबातून सर्वस्व गमावून आलेली माणसे येथे वसली. कोणाचे घर कोणाचे, हे ठरविण्यास पुढे १९५० चा निष्क्रांतांच्या मालमत्तेचा कायदा आणि कस्टोडियनच्या कचेऱ्या लागल्या. बळाने ताबा ठरू लागला म्हणजे काय होते, हे दिल्लीला पुस्तकातून शिकावे लागत नाही.

परंतु एवढ्याने प्रश्न मिटत नाही. गोव्यातील एका घराचा वाद २०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने निकालात काढला. पती नौदलात, सतत बदल्या; म्हणून बहिणीने घर भावाकडे सांभाळावयास दिले होते. पुढे भाऊच त्यावर हक्क सांगू लागला. खालच्या कोर्टांत त्याची सरशी झाली. शेवटी न्यायालयाने बहिणीच्या बाजूने निर्णय दिला. सांभाळण्यासाठी ठेवलेल्या माणसाला, कितीही वर्षे तो तेथे राहिला तरी, मालकी येत नाही, असे न्यायालयाने बजावले. तत्त्व स्वच्छ आहे. पण ते पदरी पडेपर्यंत गेलेली वर्षे कोणता हुकूमनामा परत देणार? ‘जैसे थे’ हा हुकूम जमिनीला थांबवितो, माणसाच्या आयुष्याला नाही.

म्हणून मला वाटते, दावा चालू असतानाचा ताबा ही ठेव आहे. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरणाच्या कायद्याचे ५२ वे कलमही हेच सुचविते: दाव्यातील जमीन मधल्या काळात कोणी विकली, तरी घेणारा निकालाने बांधलेलाच राहतो. हरणाऱ्याकडून मधल्या उत्पन्नाचा हिशेबही मागता येतो. उद्या निकाल विरुद्ध गेला, तर आजचा हिशेब मान वर करून देता येईल काय? ज्याला आपला हक्क खोटा असल्याचे ठाऊक आहे आणि जो तरीही तारखांवर तारखा मागतो, तो कायद्याच्या छत्राखाली बसून चोरीच करीत असतो.

हे सारे ऐकून स्नेही म्हणाले, “म्हणजे भाऊ चोर ठरला!” मी विचारले, “दिल्लीस येताना आपण त्यांना काय सांगितले होते?” ते बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, “म्हटले होते, तूच कर आता, मला काय करायचीय जमीन!”

ठेव ठेवणाऱ्यानेही ती ठेव आहे हे स्पष्ट शब्दांत सांगावयास हवे. घरातल्या घरात लिहून काय घ्यायचे, या संकोचात आपण परगावी निघून येतो आणि आपल्या मोघम शब्दांचा अर्थ लावण्याचे काम वीस वर्षांनी कोर्टावर टाकतो.

स्नेही नांगर घेऊन गेले नाहीत. निकाल होईपर्यंत पिकाचे उत्पन्न कोर्टात जमा व्हावे, एवढा अर्ज त्यांनी वकिलामार्फत केला. भावालाही त्यांनी एक पत्र लिहिले आहे. त्यात काय लिहिले, ते आम्ही विचारले नाही.