उद्याची बातमी

समजा, काळापलीकडची बातमी विकणारी एक कंपनी निघाली. पैसे मोजा आणि उद्याचे आजच ऐका. माउली, आपण काय विचारू? माझी सत्तरी उलटली आहे. खरे सांगतो, शेवटचा दिवस विचारण्याचा मोह मला होईल.

पण भागवतात ही बातमी दोघा राजांना फुकट मिळाली. देवकीचा आठवा पुत्र तुझा काळ, अशी आकाशवाणी कंसाने ऐकली. सातव्या दिवशी तक्षक दंश करील, हे परीक्षित राजाला कळले. कंसाने मरण टाळायला बहिणीवर तलवार उपसली, तिला कोंडले, तिची सहा बाळे मारली. टळले काहीच नाही. परीक्षित राज्य सोडून गंगातीरी बसला आणि शुकाचार्यांच्या मुखातून कथा ऐकत राहिला. मरण त्यालाही चुकले नाही. भय मात्र गेले.

बातमी एकच, चित्ते दोन. कंसाचे चित्त घेऊन गेलो, तर ती कंपनी आपल्याला पापच विकेल.

परीक्षिताला सात दिवस होते. आपल्यालाही वार सातच आहेत. त्यांतल्याच एखाद्या वारी जायचे. एवढी बातमी पुरे. आज कोणता वार आहे ते पाहावे आणि नाम घ्यावे.

रामकृष्ण हरी.