महदाइसेचे प्रश्न

माणसाच्या प्रभावाची मोजदाद करण्याची आपली रीत बहुधा महसुली असते. गादी कोठे आहे, इनाम किती, शिष्यशाखा कोणत्या मुलुखात पसरली, पुण्यतिथीला किती पंगती उठतात, एवढ्या बाबींची रुजवात झाली की संत थोर ठरला. बीड जिल्ह्यात या हिशेबाला सोयीची उदाहरणे पुष्कळ आहेत. अंबाजोगाईच्या डोंगरकपारीत मुकुंदराजांची म्हणून दाखविली जाणारी समाधी आहे, आणि ‘विवेकसिंधू’चा परंपरागत काल शके १११०, म्हणजे इ. स. ११८८, हा मराठीच्या अभ्यासकांना तोंडपाठ असतो. त्याच गावच्या दासोपंतांनी कापडावर लिहिलेली ‘पासोडी’ तर प्रत्यक्ष डोळ्यांनी पाहता येते. परंतु मठ न बांधणे, एका गावी मुक्काम न वाढविणे आणि ओळखीच्या दारी भिक्षा न मागणे हेच ज्या व्यक्तीने व्रत म्हणून पत्करले, तिचा प्रभाव कोणत्या दप्तरात दाखल करावयाचा?

गेवराई तालुक्यात गोदाकाठी पांचाळेश्वर आहे. महानुभावांच्या श्रद्धेनुसार हे आत्मतीर्थ, दत्तात्रेयप्रभूंचे भोजनस्थान. शेजारच्या राक्षसभुवनी १७६३ साली माधवराव पेशव्यांनी निजामाचा पराभव केला, ती तारीख पाठ्यपुस्तकांनी जतन केली. याच गंगथडीने तेराव्या शतकात महानुभाव पंथाचे प्रवर्तक चक्रधरस्वामी यांच्या मागून झोळी घेऊन हिंडलेल्या स्त्रियांची मात्र त्या पुस्तकांना गंधवार्ता नाही. त्या स्त्रियांत महदाइसा ही अग्रगण्य. चक्रधरांनंतर पंथाची धुरा वाहिलेल्या नागदेवाचार्यांची ती नातलग. आधी रामदेव ऊर्फ दादोस यांची शिष्या, पुढे चक्रधरांची. आणि परंपरा सांगते त्याप्रमाणे बालविधवा. मराठीची आद्य कवयित्री म्हणून आपण तिला ओळखतो ते तिच्या ‘धवळ्यां’मुळे. ऋद्धिपुरास चक्रधरांचे गुरू गोविंदप्रभू यांच्या मनात विवाहाची लहर आली, भक्तांनी तो सोहळा मांडला, आणि त्या प्रसंगी रुक्मिणीस्वयंवराची ही गीते तिने रचली. ज्या समाजात विधवेने मांडवाबाहेर राहावे असा दंडक होता त्या समाजातील एका विधवेच्या मुखातून मराठीतील पहिले लग्नगीत-काव्य निघावे, आणि त्याची पुरेशी नवलाई आपल्या वाङ्मयेतिहासकारांना वाटू नये, हे मला त्या काव्याइतकेच विचार करण्याजोगे वाटते.

तथापि धवळे हे तिच्या प्रभावाचे गौण अंग होय असे माझे मत आहे. चक्रधरांच्या आठवणींचे ‘लीळाचरित्र’ वाचताना जी महदाइसा भेटते ती गाणारी नव्हे, विचारणारी आहे. देवता आणि परमेश्वर यांतील भेद असो, तीर्थयात्रेचे फळ असो, की एखाद्या साध्या आचाराचे कारण असो, ती शंका घेते, उत्तर ऐकते, आणि समाधान न झाल्यास पुन्हा विचारते. तिच्या या चौकस स्वभावाचे स्वामींना कौतुक होते, आणि नागदेवाचार्यांच्या आठवणींच्या ‘स्मृतिस्थळा’त तिच्या पंथबंधूंनाही आहे. ‘लीळाचरित्रा’चे कर्ते म्हाइंभट यांनी स्वामींच्या आठवणी जमविल्या त्या ज्याने त्या पाहिल्या-ऐकिल्या त्याच्याकडे स्वतः जाऊन, जणू प्रत्येक साक्षीदाराची जबानी नोंदवीत. त्या साक्षीदारांत महदाइसेचे स्थान मोठे आहे. मराठी गद्याचा पहिला महाग्रंथ संवादरूप झाला याचे श्रेय उत्तरे देणाऱ्यास आपण सहज देतो; पण ज्या प्रश्नांवाचून ती उत्तरे निघालीच नसती त्यांचे काय? पुढे पंथातील पंडित केशिराजांनी संस्कृतात लिहिण्याची गोष्ट काढली तेव्हा नागदेवाचार्यांनी, अशाने माझ्या म्हाताऱ्या वंचित होतील, या आशयाचे बोल ऐकवून त्यांना आवरले. पंथाची ग्रंथभाषा ज्या श्रोत्यांसाठी राखली गेली त्यांची मूर्ती नागदेवाचार्यांच्या डोळ्यांपुढे काल्पनिक नव्हती.

हिंडणे हे स्वभावतःच मुक्तिदायी असते असा समज मात्र येथे कोणी करून घेऊ नये. याच जिल्ह्यातून दसऱ्यानंतर हजारो स्त्रिया आजही घर सोडतात. मुकादमाची उचल फेडण्यासाठी त्या नवऱ्याबरोबर पश्चिम महाराष्ट्रात व कर्नाटकात ऊसतोडीला जातात, आणि नवराबायको मिळून हिशेबात एकच ‘कोयता’ धरला जातो. महदाइसेचे अटन व्रताचे होते, यांचे कर्जाचे. तिला चालता चालता विचारण्याची मुभा होती, यांना थांबण्याचीही नसते.

पंथदेखील स्थिरावलाच. झाडाखाली निजण्याचा आदेश मानणाऱ्यांचे मठ झाले, महंत झाले, गाद्या झाल्या, आणि ग्रंथ सांकेतिक लिपीत गेल्यामुळे ही सारी संपदा विसाव्या शतकाच्या आरंभापर्यंत इतर मराठी वाचकांना अज्ञात राहिली. महदाइसेच्या नावाची गादी नाही. झाली असती तर तिलाच विपरीत वाटले असते.

परंतु एक गोष्ट घडली. केशिराजांनी स्वामींची वचने वेचून ‘सूत्रपाठ’ सिद्ध केला, तेव्हा प्रसंग गळला, विचारणारी गळली, निव्वळ सिद्धान्त उरला. मग कित्येक सूत्रांचा अर्थ प्रसंगावाचून लागेना, म्हणून कोणते वचन कोणाशी बोलताना आणि कोणत्या निमित्ताने निघाले हे सांगणारे ‘प्रकरणवश’ पंथाला वेगळे सिद्ध करावे लागले. सूत्र अडले की अभ्यासकाला तेथे जावे लागते, आणि अनेक ठिकाणी उत्तराच्या आधी त्याला महदाइसेचा प्रश्न वाचावा लागतो.