पाणी कोणी दिले?

बंगल्याच्या फाटकाशी, हॉटेलच्या दारात किंवा नव्या गृहसंकुलाच्या बागेत एक झाड आपल्यापैकी बहुतेकांनी पाहिलेले असते. पाने केळीसारखी लांबरुंद; पण केळीची पाने चहूबाजूंना फुटतात, तशी ही फुटत नाहीत. एक डावीकडे, एक उजवीकडे अशी ती एकाच रांगेत येतात आणि मोराने पिसारा फुलवावा तसे सारे झाड दिसते. रोपवाटिकेत त्याला 'ट्रॅव्हलर्स पाम' म्हणतात, म्हणजे प्रवाशांचा ताड. वास्तविक ताडामाडांच्या कुळाशी त्याचा काही संबंध नाही. फुलवाल्याकडे 'बर्ड ऑफ पॅरडाइज' नावाचे केशरी-निळे, पक्ष्याच्या डोक्यासारखे दिसणारे फूल मिळते, त्या फुलझाडाच्या कुळातले हे झाड. त्याचे मूळ घर हिंदी महासागरातील मादागास्कर बेट. पिएर सॉनेरा या फ्रेंच निसर्ग-अभ्यासकाने १७८२ साली त्याचे शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध केले.

प्रवाशांचे झाड हे नाव का पडले, याची एक गोष्ट सांगितली जाते. त्याच्या प्रत्येक पानाचा देठ खोडाला जिथे मिळतो, तिथे तो द्रोणासारखा खोलगट असतो. पावसाचे पाणी पानावरून ओघळून त्या द्रोणात साठते. तहानेने व्याकूळ झालेला वाटसरू येतो, देठाला भोक पाडतो आणि पाणी पिऊन पुढे जातो. झाड आपले उभेच्या उभे. परोपकाराचा दाखला म्हणून ही गोष्ट किती सोयीची आहे! नदी, वृक्ष, गाय यांचे असे दाखले आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. 'झाडासारखे व्हा, काही न मागता देत राहा,' असा उपदेश आपण मुलांनाही करतो.

परंतु या दाखल्याकडे जरा थांबून पाहावे असे आम्हांला वाटते. आपण काही देत आहोत हे ज्याला ठाऊकच नाही, त्याच्या देण्याला दान म्हणता येईल का? आणि म्हणता येत नसेल, तर ज्याची तहान भागली त्याने आभार कोणाचे मानावेत?

प्रथम झाडाची बाजू पाहू. त्याच्या देठात पाणी साठते ते त्याच्या घडणीमुळे. वाटसरूसाठी त्याने ते राखून ठेवलेले नसते. शिवाय अनेक दिवस साठलेल्या त्या पाण्यात कुजलेला पाला, किडे आणि डासांच्या अळ्याही असू शकतात. ते उकळल्यावाचून पिणे शहाणपणाचे नाही. त्याहून मोठी गंमत अशी, की हे झाड विपुल वाढते ते मादागास्करच्या पूर्वेकडच्या पावसाळी पट्ट्यात. तिथे बऱ्याच भागांत वर्षाला दोन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो. आपल्या कोकणाची आठवण व्हावी असा तो ओला मुलूख, ओढेनाले जागोजागी. म्हणजे ज्या झाडाची कीर्ती वाळवंटातल्या विहिरीसारखी झाली, ते उभे आहे भर पाण्याच्या प्रदेशात.

मग हे झाड कोणालाच काही देत नाही का? देते. त्याच्या फुलांत भरपूर मकरंद असतो. पण ती फुले जाड, टणक आवरणांत झाकलेली असतात आणि ती आवरणे उघडायला ताकद लागते. मादागास्करमध्ये लेमूर नावाचे, माकडांशी दूरचे नाते असलेले प्राणी आहेत. त्यांतला काळा-पांढरा, मानेभोवती केसांची झालर असलेला लेमूर हाताने आणि दातांनी ती आवरणे उघडतो, तोंड आत घालून मकरंद पितो आणि तोंडाला लागलेले पराग दुसऱ्या झाडाकडे घेऊन जातो. हे निरीक्षण संशोधकांनी १९९४ साली प्रसिद्ध केले. पुढे फळ उकलते तेव्हा आतल्या बियांवर झगझगीत निळे वेष्टन दिसते. वनस्पतींत असा निळा रंग फार क्वचित आढळतो. तेव्हा मकरंद हे या झाडाचे खरे देणे. पण त्यालाही आपण दान म्हणू शकत नाही. तो व्यवहार आहे. दोघांच्याही हिताचा, सुंदर, परंतु व्यवहारच. आज तो लेमूर नामशेष होण्याच्या उंबरठ्यावर आहे आणि त्याच्याबरोबर हा जुना व्यवहारही धोक्यात आला आहे.

थोडक्यात, पाणी हा योगायोग आणि मकरंद हा व्यवहार. झाडाच्या ठिकाणी चांगुलपणा शोधणे म्हणजे आपल्या मनातला चांगुलपणा त्याच्यावर लादणे होय. सद्गुण म्हणायचा तर तिथे निवड हवी. 'देईन' आणि 'देणार नाही' या दोन्ही वाटा ज्याच्यापुढे खुल्या आहेत, त्याच्याच देण्याला नैतिक मोल येते. झाडापुढे ती दुसरी वाट नसतेच.

कोणी म्हणेल, तहानलेल्याला या काथ्याकुटाशी काय करायचे आहे? त्याला पाणी मिळाले, प्रश्न मिटला. हे खरे आहे. तहान भागवण्यासाठी देणाऱ्याचा हेतू तपासावा लागत नाही. पण तहान भागल्यानंतर काय? तिथून पुढे प्रश्न घेणाऱ्याचा आहे. झाडाला सद्गुणी होता येत नाही. मात्र पाणी पिणाऱ्याला कृतज्ञ किंवा कृतघ्न दोन्ही होता येते. आणि कृतज्ञ व्हायचे तर आभार योग्य पत्त्यावर पोहोचवावे लागतात.

विल्यम एलिस नावाचे एक इंग्रज प्रॉटेस्टंट मिशनरी १८५३ ते १८५६ या काळात तीनदा मादागास्करला गेले. त्यांचे प्रवासवर्णन १८५८ साली प्रसिद्ध झाले. या झाडातल्या पाण्याविषयी त्यांना आधी शंका होती. तिथले लोक सांगत, की जवळपास काम चालू असले म्हणजे आम्ही ओढ्यावरसुद्धा जात नाही, झाडातलेच पाणी पितो. एलिस यांनी खात्री करून घ्यायचे ठरवले. एके दिवशी वाटेत झाडांच्या एका बेटापाशी सारे थांबले. त्यांना वाहून नेणाऱ्या भोयांपैकी एकाने देठाच्या जाड भागात, खोडापासून वीतभर अंतरावर भाला खुपसला आणि बाहेर काढला. स्वच्छ पाण्याची धार लागली. एका भांड्यात ते धरले आणि सगळ्यांनी तिथेच प्यायले. पाणी थंड आणि गोड होते, असे एलिस यांनी नमूद केले आहे.

प्रिय वाचकहो, आता सांगा, त्या दिवशी पाणी कोणी दिले? झाड तर तिथे पूर्वीही उभे होते. भाला कुठे मारायचा, किती खोल मारायचा हे ज्याला ठाऊक होते, त्या भोयामुळे पाणी मिळाले. त्याने मोठा परोपकार केला असे आम्ही म्हणत नाही. तो मजुरीवर होता, कदाचित हुकुमावरून त्याने ते केले असेल. पण आपल्या वाडवडिलांकडून आलेले ज्ञान त्याने परक्या माणसापुढे उघडे केले. झाडाच्या प्रसिद्ध नावात मात्र प्रवासी आहे, भोई नाही. पाणी पिणाऱ्याचे नाव झाडाला मिळाले आणि पाणी काढणारा विस्मरणात गेला.

त्या भूमीतल्या लोकांनी झाडाला काय नाव दिले होते? 'राविनाला', म्हणजे रानाचे पान. पूर्व किनाऱ्यावरचे लोक या पानांनी घरे शाकारतात, देठांच्या भिंती करतात, खोडाची साल ठोकून सपाट करतात आणि तिची जमीन घालतात. स्वतः एलिस यांनीही लिहून ठेवले, की याला घर बांधणाऱ्याचे झाड म्हटले तरी तितकेच शोभेल. पण जगभर गेले ते वाटसरूने दिलेलेच नाव. घरात राहणाऱ्याने दिलेले नाही. आणखी एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. दोनशेहून अधिक वर्षे शास्त्रज्ञ या झाडाची एकच जात मानत होते. २०२१ साली आणखी पाच जातींचे वर्णन प्रसिद्ध झाले. तिथले गावकरी मात्र या झाडांच्या वेगवेगळ्या प्रकारांना आधीपासूनच वेगवेगळ्या नावांनी ओळखत होते.

आम्हांला असे वाटते, की झाडाचे आभार मानणे माणसाला सोपे जाते, कारण त्या आभारांपोटी काही करावे लागत नाही. झाड मजुरी वाढवून मागत नाही. झाडाला पंगतीत बसवावे लागत नाही. भोयाचे आभार मानायचे तर त्याचे नाव विचारावे लागते, त्याच्या डोळ्यांत पाहावे लागते आणि एकदा तसे पाहिले की त्याच्या खांद्यावर आरामात बसणे जड जाते. निसर्गाचे गोडवे गाताना माणसाचे ऋण टाळायची ही पळवाट आपल्या नकळत आपल्यालाही सापडलेली असते.

आपल्या गावातल्या पाणपोईचेच पाहा. फलकावर दात्याचे नाव मोठ्या अक्षरांत असते, आणि ते असू द्यावे. त्याने पैसा दिला आहे, तो दुसरीकडेही खर्च करू शकला असता. पण रोज पहाटे रांजण घासून भरणारी बाई कोण? तिने एक दिवस खाडा केला तर फलक तहान भागवणार आहे का? तिचे नाव किती जणांना सांगता येईल?

आणि आपल्या फाटकाचे काय? ज्या गृहसंकुलाच्या दारात हे प्रवाशांचे झाड हौसेने लावलेले असते, तिथेच कधी कधी पाटी दिसते: 'सामान पोहोचवणाऱ्यांनी ही लिफ्ट वापरू नये.' मे महिन्याच्या उन्हात पाठीवर ओझे घेऊन आलेला मुलगा जिना चढून वर येतो, आपण दार अर्धे उघडतो, पाकीट घेतो, दार लावतो. घरकाम करणाऱ्या बाईसाठी काही घरांत अजूनही वेगळा पेला असतो. ही माणसे आपली भोई आहेत. आपला दिवस त्यांच्या खांद्यावरून पुढे सरकतो.

म्हणून 'झाडासारखे व्हा' हा उपदेश थोडा बदलावा, अशी आमची नम्र सूचना आहे. झाडापाशी नसलेली एक गोष्ट आपल्यापाशी आहे: आपल्याला दार बंदही ठेवता येते. म्हणूनच आपण ते उघडतो, तेव्हा त्या उघडण्याला अर्थ असतो. दारावर आलेल्या माणसाला, त्याने मागण्याआधी, पाण्याचे विचारावे. पाणी आपण पितो तेच असावे आणि पेलाही तोच. जमल्यास फाटकाबाहेर सावलीत एक माठ ठेवावा आणि तो रोज धुऊन भरण्याची पाळी घरातल्या सर्वांनी वाटून घ्यावी. ते काम दुसऱ्यावर ढकलून पुण्य आपल्या नावावर लिहू नये.

आणि ज्यांच्या हातचे पाणी आपण रोज पितो, त्यांची नावे या आठवड्यात विचारून घ्यावीत. पुढच्या वेळी त्यांना नावाने हाक मारावी.