चोरी नक्की कोणाची झाली?

सोलापुरी चादरीला भौगोलिक मानांकन आहे. तरी परगावी विणलेल्या चादरी 'सोलापुरी' म्हणून सर्रास खपतात. गिऱ्हाईक फसतं, इथल्या कारखानदाराचा धंदा बसतो. पण फसलेल्या गिऱ्हाइकाचे पैसे अशोक चौकातल्या विणकराकडून वसूल करावेत, असं कुणी सुचवलं तर आपण त्याला वेड्यात काढू.

माणसाच्या नावाबाबत मात्र नेमकं हेच चालतं. आधार-पॅनच्या झेरॉक्सवर कुणीतरी दुसऱ्याच्याच नावाने कर्ज उचलतो. यात फसलं कोण? कर्ज देणारी कंपनी. तिने खोट्याला खरं मानलं आणि पैसेही तिचेच गेले. ज्याचं नाव वापरलं, तो तर तिथे हजरही नव्हता. तरी वसुलीचे फोन त्याला येतात, सिबिल स्कोअर त्याचा पडतो. अत्र्यांच्या 'तो मी नव्हेच'मध्ये हे वाक्य भामट्याच्या तोंडी होतं आणि तो तोच आहे हे इतरांना सिद्ध करावं लागत होतं. आता तेच वाक्य घेऊन सरळ माणसाला हेलपाटे घालावे लागतात.

मला वाटतं, घोळ 'ओळखचोरी' या शब्दापासूनच सुरू होतो. चोरी म्हटली की ज्याच्या घरी झाली त्याला पहिला प्रश्न विचारला जातो: कडी नीट लावली होती का? मे २०२२मध्ये आधार प्राधिकरणाच्या बंगळुरू कार्यालयाने आधारची झेरॉक्स कुणालाही देऊ नका, असं सांगितलं. दोनच दिवसांत ते पत्रक मागे घेतलं गेलं. घ्यावंच लागलं असतं. लॉजवाला, सिमकार्डवाला, घरमालक, सगळेच झेरॉक्स मागतात. न देऊन माणूस जाईल कुठे?

आमच्या सॉफ्टवेअरच्या धंद्यात यूजरनेम आणि पासवर्ड या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. यूजरनेम सांगण्यासाठी असतं, पासवर्ड लपवण्यासाठी. आधार क्रमांक, जन्मतारीख, वडिलांचं नाव ही सगळी पहिल्या जातीची माहिती. ती ठाऊक असणं हाच ओळखीचा पुरावा मानायचा आणि मग ती गुप्त ठेवली नाही म्हणून लोकांना बोल लावायचा, हे कोणत्या न्यायात बसतं? ओटीपी सांगणाऱ्याची गोष्ट वेगळी. तिथे थोडी जबाबदारी त्याच्याकडे येते, तीही घाबरवून काढून घेतला नसेल तर.

योग्य काय, हे रिझर्व्ह बँकेला उमगलेलं दिसतं. ६ जुलै २०१७च्या परिपत्रकानुसार खात्यातून परस्पर ऑनलाइन पैसे गेले, तर ग्राहक जबाबदार आहे हे सिद्ध करण्याचा भार बँकेवर आहे. परस्पर उचललेल्या कर्जाला मात्र हे परिपत्रक लागू नाही. तिथे क्रेडिट अहवालातली चूक ३० दिवसांत दुरुस्त झाली नाही, तर पुढे रोज १०० रुपये भरपाई, असा ऑक्टोबर २०२३चा नियम आहे. पण चूक दाखवून द्यायची ती आपणच.

यावर एक आक्षेप खरा आहे. सगळा भार कंपन्यांवर टाकला तर त्या तपासणी वाढवतील आणि ज्याला रात्री दवाखान्यासाठी दहा हजार हवेत त्याचं कर्ज अडेल. अडेलही. पण आज पाच मिनिटांत मिळणाऱ्या कर्जाची किंमत कुणीतरी तिसराच भरतो आहे, ज्याने ना कर्ज मागितलं, ना व्याज कमावलं. तपासणीत वाचलेला पैसा कंपनीचा आणि चुकलेल्या तपासणीचा भुर्दंड त्याचा, हा सौदा त्याला विचारून झालेला नाही.

आणि हेच यंत्र उलट बाजूनेही चुकतं. कष्टाच्या कामाने बोटांच्या रेषा झिजतात. आयुष्यभर विड्या वळलेली बाई रेशनच्या दुकानात अंगठा टेकवते आणि ठसा जुळत नाही. दुकानदार तिला नावाने हाक मारतो, पण त्याच्या ओळखण्याला तिथे किंमत नाही. तेव्हा हात पुसून पुन्हा अंगठा लावायचा, ते नाही जमलं तर आधार केंद्रावर जाऊन ठसे पुन्हा द्यायचे, आणि त्या दिवसाची मजुरीही तिचीच बुडते.