चूर्ण आणि बाकीचे एकोणसाठ

पायाला शुगरची जखम झाली आहे हे कळलं की घरात सगळ्यात आधी पोहोचते ती पुडी. कुणाच्या मामांना त्या पुडीचा गुण आलेला असतो. कुणी ती तालुक्याच्या वैद्याकडून आणलेली असते. कुणी फोनवरच्या व्हिडिओत बघून काष्ठौषधीच्या दुकानातून त्रिफळा, मंजिष्ठ, लोध्र आणलेले असतात आणि घरच्या हळदीबरोबर कुटून वस्त्रगाळ केलेले असतात. चूर्ण भुरभुरलं की ओल शोषली जाते, वास कमी होतो, वर कोरडी खपली धरते. बरेच दिवस जागलेल्या घराला जरा डोळा लागतो. दवाखान्यात ‘बोट काढावं लागेल’ हे वाक्य ऐकून आलेल्या माणसाला पुडी देणारा निदान ‘काढावं लागणार नाही’ असं तरी म्हणतो. त्या शब्दाचं मोल काय असतं ते ज्या घरात पाय जायची वेळ आली आहे त्यांनाच कळतं, म्हणून पुडीकडे वळणाऱ्याला अडाणी ठरवायला मी तयार नाही.

माझं म्हणणं वेगळं आहे. पुडीला हसणारे डॉक्टर आणि पुडीची आरती करणारे अभिमानी, या दोघांनीही ज्याच्या नावाने ती पुडी चालते त्या सुश्रुताला नीट वाचलेलं नाही.

सुश्रुतसंहितेच्या चिकित्सास्थानाचा पहिलाच अध्याय व्रणांवर आहे. द्विव्रणीय हे त्याचं नाव, कारण व्रणांचे तिथे दोन वर्ग केले आहेत: शरीरातल्या दोषांमुळे होणारे आणि बाहेरच्या आघाताने होणारे. या अध्यायात व्रणाचे साठ उपक्रम सांगितले आहेत. सुरुवात अपतर्पणाने, म्हणजे आहार कमी करण्यापासून होते, आणि शेवटी आहार आणि रक्षाविधान येतं. मधल्या यादीत छेदन आहे, भेदन आहे, लेखन म्हणजे खरवडणं आहे, पू काढणं आहे, काढ्यांनी धुणं आहे, तूप-तेलं आहेत, क्षार आणि अग्निकर्म आहे, धुरी आहे, पट्टी बांधण्याचं स्वतंत्र तंत्र आहे. या साठांत चूर्ण भुरभुरणं हा एक उपक्रम. अवचूर्णन म्हणतात त्याला. ते कुठे वापरायचं तेही सुश्रुताने मोघम ठेवलेलं नाही. शोधनाचं चूर्ण फार खोल नसलेल्या, मेदाने लडबडलेल्या, दुर्गंधी येणाऱ्या व्रणासाठी. रोपणाचं चूर्ण कातडीपुरत्या उरलेल्या, मांस घट्ट होऊन सपाटीला आलेल्या व्रणासाठी. तोंड बारीक आणि आत खोल गेलेला व्रण असेल तर त्यासाठी वर्ती, म्हणजे औषधाची वात, सांगितली आहे, चूर्ण नाही. मधुमेह्याच्या तळपायाची जखम बहुतेक वेळा कशी असते? वर रुपयाएवढं भोक, भोवती घट्टा, आणि आत हाडापर्यंत गेलेली पोकळी. म्हणजे जिच्यावर लोक सर्रास पुडी टाकतात ती जखम, पुडीच्या मूळ ग्रंथानुसारच, पुष्कळदा पुडीची नसते.

याच ग्रंथाच्या सूत्रस्थानात आणखी एक निरीक्षण आहे. कुष्ठी, विषबाधा झालेला, क्षयाने झिजलेला आणि मधुमेही, यांचे व्रण मोठ्या कष्टाने भरतात, असं तिथे म्हटलं आहे. सुश्रुताचं कुष्ठ म्हणजे नेमका आपला कुष्ठरोग नव्हे, त्यात त्वचेचे बरेच रोग येतात. पण तोही त्यात आहे. कुष्ठी आणि मधुमेही एकाच ओळीत बसवण्याइतकी तीक्ष्ण नजर त्या काळी होती. त्या दोघांच्या पायांत साम्य काय, याचं पूर्ण उत्तर मिळायला विसावं शतक उजाडावं लागलं, आणि ते मिळालं आपल्याच देशात, वेल्लोरला.

पॉल ब्रँड हा शल्यविशारद तमिळनाडूतल्या कोल्ली डोंगरात मिशनरी आईबापांच्या पोटी 1914 साली जन्मला आणि 1946 मध्ये वेल्लोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजात आला. कुष्ठरोगात मांस आपोआप झडतं, अशी तेव्हाची समजूत होती. ब्रँडच्या लक्षात आलं की मांसात खोट नाही. खोट आहे ती वेदना हरवण्यात. खडा टोचला तरी कळत नाही, चटका बसला तरी कळत नाही, जखमेवर पाय रोवून माणूस शांतपणे चालत राहतो. शाबूत पायाचा माणूस लंगडतो, आणि ते लंगडणंच त्याची जखम वाचवतं. या लोकांना लंगडताच येत नव्हतं. म्हणून जखमी पायाला प्लास्टर घालण्याचा उपाय त्याने नेटाने चालवला: गुडघ्याखालपासून बोटांपर्यंत अंगाबरोबर बसणारं प्लास्टर, ज्यात भार एका जागी न पडता सगळ्या तळव्यावर आणि पोटरीवर वाटला जातो. 1966 मध्ये तो अमेरिकेत लुइझियानातल्या कार्व्हिलच्या कुष्ठ रुग्णालयात गेला आणि तिथून हे प्लास्टर मधुमेह्यांच्या पायापर्यंत पोहोचलं. दत्तपूर आणि आनंदवन या कुष्ठरुग्णांच्या वसाहती ज्यांनी पाहिल्या आहेत त्या मराठी माणसांना पट्ट्यांत गुंडाळलेले ते पाय आठवत असतील. आज मधुमेह्यांना सांगितली जाणारी मायक्रोसेल्युलर रबराची मऊ चप्पल त्याच पायांसाठी घडली होती.

2001 साली अमेरिकेत आर्मस्ट्राँग आणि सहकाऱ्यांनी एक साधी तुलना केली. तळव्याला जखम असलेले 63 मधुमेही. काहींना हे न काढता येणारं प्लास्टर, काहींना काढता-घालता येणारा बूट, काहींना अर्धा जोडा. बारा आठवड्यांत प्लास्टरवाल्यांपैकी 89.5 टक्के जखमा भरल्या, बुटात 65 टक्के आणि अर्ध्या जोड्यात 58.3 टक्के. जखमेत घालायचं औषध बदललेलं नव्हतं. बदलला होता तो फक्त भार, आणि तो चुकवण्याची मुभा. बूट काढता येतो म्हणून माणूस रात्री पाणी प्यायला, संडासला जाताना तो काढून जातो, आणि भार पुन्हा तिथेच पडतो.

हा आकडा मला पुडीच्या चर्चेत सगळ्यात महत्त्वाचा वाटतो, कारण गुण आला तर तो कशाचा, हा प्रश्न त्याने उभा राहतो. पुडी लावणाऱ्या घरात काय काय होतं ते बघा. कुणीतरी रोज सकाळी कडुनिंबाच्या किंवा त्रिफळ्याच्या काढ्याने जखम धुतं. सुटलेलं मांस निघून जातं. स्वच्छ फडकं बांधलं जातं. वैद्य पथ्य सांगतो, गोड बंद होतं, शुगर उतरते. रुग्ण कामावरून रजा घेतो, पाय उशीवर ठेवून पडून राहतो. यातली प्रत्येक गोष्ट जखम भरायला मदत करते आणि यातली प्रत्येक गोष्ट सुश्रुताच्या साठांत कुठे ना कुठे बसते. जखम भरल्यावर नाव मात्र पुडीचं होतं, कारण पुडी दिसते आणि विकता येते. उशीवर ठेवलेला पाय विकता येत नाही. आयुर्वेदाच्या नियतकालिकांत अशा जखमा भरल्याची एकेका रुग्णाची वृत्तं येतात, ती मी आस्थेने वाचतो. पण ज्यांचा पाय गेला त्यांची वृत्तं तिथे कोण लिहून पाठवतं?

आणि पुडीने अपाय होतो तो कसा, तेही सांगायला हवं. चूर्णाची खपली धरली की जखम बरी दिसू लागते, आणि खाली पू साचत जातो. वेदना नाही म्हणून ओरड नाही. जॉर्ज विंटरने 1962 साली डुकरांच्या जखमांवर दाखवून दिलं की झाकून ओलसर ठेवलेल्या जखमेवर नवी त्वचा उघड्या, खपली धरलेल्या जखमेपेक्षा लवकर येते. तेव्हापासून जखम कोरडी पाडण्याचा हट्ट सैल होत गेला. शिवाय जमिनीतून खणलेल्या मुळ्या घरात कुटल्या की त्यांच्याबरोबर मातीतले जिवाणूही येतात, धनुर्वाताच्या जिवाणूचे बीजाणूसुद्धा. ज्या पायात रक्तच पोचत नाही तिथे तर जगातलं कुठलंच चूर्ण मांस उगवू शकत नाही. तिथे आधी रक्तवाहिनी मोकळी करावी लागते. पुडीतले घटक वाईट असतात म्हणून पाय जातो असं नाही. पुडीवर विसंबून जे आठवडे निघून जातात त्यांनी पाय जातो.

आता हळदीकडे येतो, कारण आपल्या अभिमानाची गाठ तिथे आहे. 1995 साली मिसिसिपी विद्यापीठाच्या वैद्यकीय केंद्राला अमेरिकेत एक पेटंट मिळालं: जखम भरण्यासाठी हळदीच्या पुडीचा वापर. सीएसआयआरचे तेव्हाचे महासंचालक रघुनाथ माशेलकर यांनी ते आव्हान म्हणून घेतलं. संस्कृत ग्रंथ आणि 1953 सालचा इंडियन मेडिकल असोसिएशनच्या नियतकालिकातला लेख असे पुरावे मांडले गेले, आणि 1997 मध्ये ते पेटंट रद्द झालं. माशेल गावच्या या शास्त्रज्ञाला मराठी वर्तमानपत्रांनी ‘हळदीघाटी’चा वीर म्हटलं ते योग्यच होतं. मलाही ती बातमी वाचून ऊर भरून आला होता. पण तिथे सिद्ध काय झालं? हळदीने जखम भरते हे ज्ञान नवीन नाही, ते आमच्याकडे आधीपासून आहे, एवढंच. हळदीने खरोखर जखम भरते का, कुठली, किती प्रमाणात, मधुमेह्याच्या पायात भरते का, हा प्रश्न त्या खटल्यात कुणी विचारलाच नव्हता. आपण मालकी सिद्ध केली, आणि गुणही सिद्ध झाला असं मानून घरी आलो.

तो प्रश्न दुसऱ्या कुणीतरी, दुसऱ्या वनस्पतींबाबत विचारला. तैवानमध्ये पानओवा आणि मंडूकपर्णी यांच्या अर्कांचं एक मलम तयार झालं. पानओवा म्हणजे आपल्या बाल्कनीतल्या कुंडीत वाढणारा, जाड पानांचा, ज्याची भजी करतात तो. मंडूकपर्णी आपल्याकडे ओढ्याकाठी पसरलेली असते. 236 मधुमेही रुग्णांवर त्याची तिसऱ्या टप्प्याची चाचणी झाली आणि 2021 मध्ये ती प्रसिद्ध झाली. 16 आठवड्यांत मलम लावलेल्यांपैकी 60.7 टक्क्यांच्या जखमा पूर्ण भरल्या, साधं शोषक ड्रेसिंग केलेल्यांपैकी 35.1 टक्क्यांच्या. जखम भरली की नाही हे ठरवणाऱ्याला कुणाला काय लावलं ते माहीत नव्हतं. चाचणीचा खर्च औषध बनवणाऱ्या कंपनीचाच होता, त्यामुळे स्वतंत्र हातांनी तसंच पुन्हा दिसेपर्यंत माझं समाधान होणार नाही. मधुमेही पायांवर काम करणाऱ्या आंतरराष्ट्रीय गटाच्या 2023 च्या मार्गदर्शक सूचनाही केवळ जखम भरावी म्हणून वनौषधी लावण्याची शिफारस करत नाहीत. तरीही प्रश्न विचारण्याची पद्धत ही अशी असते. कुंडीतल्या रोपाला आकडा मिळाला, आणि तो आपल्या हातून मिळाला नाही, याचं मला दुःख होतं.

आपल्याला हे जमत नाही असंही नाही. भगंदरावरच्या क्षारसूत्राची, म्हणजे क्षार लावलेल्या औषधी दोऱ्याची, आयसीएमआरने अनेक केंद्रांवर शस्त्रक्रियेशी तुलना केली होती. निकाल 1991 मध्ये आला: क्षारसूत्राने जखम भरायला जास्त वेळ लागतो, सुमारे आठ आठवडे विरुद्ध चार; पण दुखणं परत उलटण्याचं प्रमाण 4 टक्के, शस्त्रक्रियेनंतर 11. नफा आणि तोटा दोन्ही छापून आले, आणि त्यामुळेच आज अॅलोपथीचे सर्जनही क्षारसूत्राचं नाव आदराने घेतात.

आयसीएमआरच्याच 2023 साली प्रसिद्ध झालेल्या पाहणीप्रमाणे देशात 10.1 कोटी मधुमेही आहेत. त्यांच्यातल्या दर तीन-पाच जणांमागे एकाला आयुष्यात कधीतरी पायाची जखम होऊ शकते. वरळी, नागपूर, नांदेड इथल्या सरकारी आयुर्वेद महाविद्यालयांच्या शल्यविभागांत असे रुग्ण रोज येतात. तिथे दोन गट करता येतील. दोघांनाही तीच साफसफाई, तीच शुगरची देखभाल, तोच पायाचा रक्तपुरवठा तपासून घेणं, आणि तेच प्लास्टर किंवा तीच चप्पल. फरक एवढाच की एका गटाला निर्जंतुक केलेलं, घटक आणि प्रमाण ठरवलेलं चूर्ण, तेही सुश्रुताने सांगितलेल्या उथळ व्रणांवरच. वर्षभर मागोवा घ्यायचा, कारण भरलेल्या जखमांपैकी सुमारे चाळीस टक्के वर्षात पुन्हा उघडतात. जे अर्ध्यावर सोडून गेले आणि ज्यांचा पाय गेला, तेही मोजायचे.

यात सुश्रुताचं सगळंच टिकेल असं नाही, आणि टिकवण्याची गरजही नाही. निर्धन प्रमेह्याने जोडे-छत्रीशिवाय भिक्षा मागत शंभर योजनं चालावं, असंही त्याने सांगितलं आहे. चालण्याचा सल्ला बरोबर होता. अनवाणीपणा मात्र बधिर झालेल्या पायाला आज घातक आहे. नवरात्रात नऊ दिवस अनवाणी राहणारे, देवळाच्या तापलेल्या फरशीवर प्रदक्षिणा घालणारे, पायी वारीत चपला काढून चालणारे मधुमेही फोड घेऊन घरी येतात आणि तो फोड त्यांना सॉक्सला रक्त लागल्यावर कळतो. त्याच संहितेत, त्याच चिकित्सास्थानात पुढे पादत्राण घालण्याचे गुण सांगितले आहेत. आपल्याला त्या ग्रंथातून निवड करावीच लागणार आहे.

ज्यांच्या घरात आज पुडी आलेली आहे त्यांना एवढंच सांगेन. आधी सर्जनकडून पायाची नाडी आणि जखमेची खोली तपासून घ्या. वैद्यांना पुडीबरोबरच विचारा की भार कसा काढायचा, आणि उत्तर नसेल तर दुसरे वैद्य शोधा. रोज खपली धुऊन आतला तळ बघा. बोटांना हलक्या हाताने स्पर्श करून बघा, कळतो का ते विचारा. जखमेभोवती लाली पसरली, वास वाढला, बोट काळवंडलं किंवा ताप आला, तर पुडी संपायची वाट न बघता त्याच दिवशी मोठ्या रुग्णालयात जा, आणि जाताना त्या पायावर चालू नका.