माळ्यावरचे रुमाल

इतिहासकाराचे काम कागद पुढ्यात आल्यावर सुरू होते, असे आपण धरून चालतो. विश्वनाथ काशिनाथ राजवाड्यांचे काम त्याच्या कितीतरी आधी, कुणाच्या तरी ओटीवर सुरू होई. यजमान बसायला पाट देई, पाणी विचारी, आणि कागदांचा विषय निघाला की म्हणे, आमच्याकडे तसले काही नाही. कागद असत डोक्यावर, माळ्यावर, रुमालात बांधून ठेवलेले. ओटीपासून त्या माळ्यापर्यंतची दहा-बारा फूट उंची चढणे, हेच राजवाड्यांच्या आयुष्यातले मोठे काम होते असे मला वाटते. खंड, प्रस्तावना, वादविवाद हे सगळे त्यानंतरचे.

लोक कागद लपवत, त्यामागे अडाणीपणा फारसा नव्हता. घरोघर कागद राखले जात ते इतिहासासाठी नव्हेच. वतन कुणाचे, इनाम कुणी दिले, थोरल्या पातीला काय आणि धाकट्या पातीला काय, याचा तो पुरावा. मग १८५२च्या कायद्याने इनाम कमिशनला पक्के अधिकार मिळाले. सनदा दाखवा, नाहीतर जमीन सोडा. कित्येकांनी कागद दाखवले आणि तरीही जमीन गेली. ज्या कागदाच्या जिवावर घर उभे होते, त्याच कागदावर बोट ठेवून सरकारने इनाम काढून घेतले. ही गोष्ट दोन पिढ्यांत विसरण्यासारखी नव्हती. राजवाडे दारोदार हिंडू लागले तेव्हा तिला जेमतेम चाळीस-पंचेचाळीस वर्षे झाली होती. अशा घरी एक परका माणूस येतो आणि जुने कागद दाखवा म्हणतो, तर कोण दाखवील?

आमच्या आजोळी अशीच एक पत्र्याची पेटी होती. वाटणीचा दावा निकालात निघून तीसेक वर्षे झाली असतील, तरी मामांनी ती कुणाला उघडू दिली नाही. शेवटी कसरीने उघडली.

दुसरे दार सरकारी. पेशव्यांचे दप्तर इंग्रजांच्या ताब्यात पुण्यातच होते, हजारो रुमाल. पण ते अभ्यासकांना मोकळे नव्हते. गो. स. सरदेसायांनी त्यातून निवडलेले ४५ खंड १९३० ते १९३४ या काळात निघाले, तोवर राजवाडे हयात नव्हते. ग्रँट डफची गोष्ट वेगळी. तो साताऱ्याला कंपनी सरकारचा अधिकारी होता. त्याने मागितले की दप्तरे त्याच्यापुढे येत. १८२६ साली निघालेला त्याचा मराठ्यांचा इतिहास त्या अधिकारावर उभा आहे. राजवाड्यांपाशी हुकूम नव्हता, पैसा नव्हता. होते ते पाय, भिडस्तपणाचा संपूर्ण अभाव आणि अंगावरची साधी वस्त्रे. बायको लवकर गेली, पुन्हा लग्न केले नाही, नोकरी टिकवली नाही. या विरक्तीचे आपल्याकडे फार कौतुक होते. मला तिच्यातला व्यवहारही दिसतो: ज्याला स्वतःसाठी काही नको, असा माणूस इनामाच्या भांडणात कुणाच्या बाजूचा असू शकत नाही, हे ओटीवरच्या यजमानाला कळत असावे.

रुमाल खाली आला की पुढची कसरत. मोडी सलग चालते. शब्द तुटत नाहीत, विरामचिन्हे नाहीत, आणि घाईत लिहिलेले पत्र असेल तर अक्षरांच्या नुसत्या लाटा. त्यातून पत्रावर पुष्कळदा वर्ष नसते. लिहिणाऱ्याला वर्ष माहीत होते, वाचणाऱ्यालाही, मग शाई कशाला खर्चायची? मिती असते ती ‘छ’ काढून, पुढे चंद्राचा आकडा आणि मुसलमानी महिना. हे महिने दर वर्षी सुमारे अकरा दिवस मागे सरकतात. जो जिल्हेज एखाद्या वर्षी ऐन पावसाळ्यात येतो, तो पुन्हा त्याच ऋतूत यायला बत्तीस-तेहेतीस वर्षे लागतात. तेव्हा पत्रात कुठे नदीला पूर आहे, उतार मिळत नाही, एवढे एक वाक्य सापडले तरी साल हाताशी येते. पानिपतच्या मोहिमेत कुंजपुरा घेतल्याचा उल्लेख असेल तर पत्र ऑक्टोबर १७६०च्या आधीचे नव्हे, नंतरचे. मजकूर खरे म्हणजे पैशाचा आणि रसदीचा असतो. मोहिमेचे सेनापती भाऊसाहेब यांनी गोविंदपंत बुंदेल्यांकडे रकमा पाठवा म्हणून धरलेला तगादा वाचताना पानिपत ही रणभूमीच्या आधी हिशेबाची वही होती, हे उमगते.

१७५० ते १७६१ या काळातल्या अशा पत्रांचा पहिला खंड १८९८ साली निघाला. ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचे एकूण बावीस खंड झाले. अशी धडपड करणारे ते एकटे नव्हते. काव्येतिहाससंग्रहाने १८७८पासून बखरी-पत्रे छापली होती, मिरजेत वासुदेवशास्त्री खरे पटवर्धनी दप्तर उपसत होते. पण राजवाड्यांनी एक हट्ट धरला: कागद छापायचा तो सबंध. कुणाची लुगड्यांची यादी असो, कुणाच्या वृत्तीची कटकट असो, आपल्याला काय महत्त्वाचे वाटते त्यावर कात्री चालवायची नाही.

या हट्टाचा परिणाम त्यांच्यावरच उलटला, आणि मला तो फार आवडतो. त्यांच्या प्रस्तावना भरारी घेतात, कधी कधी नको तितकी. निष्कर्ष बेधडक, जातींविषयीची मते तर आज वाचवत नाहीत, आणि मतभेद झाला की माणूस तोडायला वेळ लागत नसे. १९१० साली पुण्यात ज्या भारत इतिहास संशोधक मंडळाच्या स्थापनेत ते अग्रभागी होते, त्याच्याशीही पुढे बिनसले. अखेर धुळ्याला गेले, आणि ३१ डिसेंबर १९२६ रोजी तिथेच वारले. पण प्रस्तावनेच्या मागे कागद जसाच्या तसा छापलेला होता. त्यामुळे पुढच्यांना त्यांनी लावलेल्या तारखा तपासता आल्या, चुकलेल्या दुरुस्त करता आल्या. इंग्रजीत न लिहिण्याचा त्यांचा निश्चयही मी याच ओळीत धरतो. ज्याच्या माळ्यावरून कागद उतरवला, त्याच्या नातवाला तरी तो वाचून राजवाड्यांशी भांडता आले पाहिजे.

आता एक अडचण उरते, ती राजवाड्यांच्या पद्धतीतच आहे. माळा कुणाच्या घराला असतो? देशमुखाच्या, कुलकर्ण्याच्या, जोशाच्या, सरदाराच्या. ज्याचे छप्परच पाचटाचे, त्याच्याकडून रुमाल उतरायचा कुठून? घरोघर हिंडले म्हणजे सगळ्या घरांत शिरले असे होत नाही.

तरी महजर हाती लागला की ती माणसे खालच्या अंगाला उभी दिसतात. गावसभेत वतनाचा तंटा तुटला की निवाड्याच्या कागदावर हजर असलेल्यांची नावे पडत, पाटलापासून बलुतेदारांपर्यंत. ज्याला लिहिता येत नसे तो आपल्या कामाचे हत्यार काढी. पाटलाचा नांगर, न्हाव्याचा आरसा. एखादा आरसा वाटोळा, नीट मुठीसकट काढलेला, एखादा घाईत ओढलेल्या शून्यासारखा. छापखान्यात त्या चित्रांचे खिळे नव्हते. म्हणून छापील महजरात नावापुढे अक्षरांतच लिहिलेले असते: निशाणी नांगर. ती आरशाची मूठ पाहायची तर मूळ कागदच उघडावा लागतो.